परीस आणि तांदूळ

नामदेवांनी परिसा भागवताचा परीस सरळ चंद्रभागेत टाकला, ही गोष्ट आजीची आवडती. आजचा परीस म्हणजे 'राइस पुलर'!

दिवाळीत मुलुंडला मामाकडे तोच विषय. वीज पडलेलं तांब्याचं भांडं, त्यात म्हणे इरिडियम. तांदूळ ओढतं, परदेशात कोटींना जातं. मित्रांनो, इरिडियम दुर्मिळ खरंच, शिशाच्या जवळजवळ दुप्पट जड. पण तांदूळ ओढणं? छे! भांड्यात चुंबक लपवतात, तांदळाला लोहकीस लावतात.

हे मला माहीत होतं. पण मोठ्यांपुढे कशाला शहाणपणा, म्हणून गप्प बसलो. मामाने 'टेस्टिंग'चे पैसे भरले. व्हायवात धडाधड बोलणारे आपण घरी मुके का होतो? मला हा भित्रेपणाच वाटतो. मामाला अजून फोन केलेला नाही.