न बदलणारा बदल

शाळेच्या विज्ञानात मुलांना बदलांचे दोन प्रकार शिकवतात. बर्फाचे पाणी होते आणि पाण्याचा पुन्हा बर्फ होतो, हा परिवर्तनीय बदल. कैरीचा आंबा होतो, पण आंब्याची काही पुन्हा कैरी होत नाही, हा अपरिवर्तनीय बदल. मुले हे पाठ करतात, परीक्षेत लिहितात आणि गुण मिळवून मोकळी होतात. भाषेच्या मास्तराचे पाऊल मात्र तेथे अडखळते. परिवर्तन म्हणजेच बदल. मग अपरिवर्तनीय बदल म्हणजे काय? न बदलणारा बदल! उद्या कोणी न भिजवणारा पाऊस म्हटले, तर त्याला आपण हसू. हे मात्र आपण पुस्तकात छापतो.

कैरीचा आंबा झाला, तेव्हा परिवर्तन तर घडूनच गेले. जे घडू शकत नाही ते परत येणे. नकार द्यायचा होता परतण्याला, तो जाऊन चिकटला बदलण्याला. आणि ही चूक शाळेपुरती राहिलेली नाही. वर्तमानपत्रात नदीची हानी अपरिवर्तनीय असते, इस्पितळात मेंदूची इजा अपरिवर्तनीय असते, बँकेच्या कागदावर ग्राहकाची संमती अपरिवर्तनीय असते. वाचणारा शब्दावरून डोळा फिरवतो, काहीतरी गंभीर आहे एवढे त्याला कळते आणि तो खाली सही करतो.

शब्द घडवणाऱ्यांची थट्टा करणे फार सोपे, आणि आपल्याकडे ती परंपराही जुनी आहे. आमच्या विदर्भातच, नागपुरात, डॉ. रघुवीरांनी संस्कृत धातूंना उपसर्ग-प्रत्यय जोडून हजारोंनी पारिभाषिक शब्द घडवले. त्यावर त्या काळी जेवढे विनोद झाले, तेवढा त्या शब्दांचा वापर झाला नाही. पुढे १९६० साली महाराष्ट्र शासनाचे भाषा संचालनालय निघाले आणि विषयवार परिभाषा कोश येऊ लागले. पण आपल्या या शब्दाच्या बाबतीत कोशकारांची अडचण खरी होती, हे कबूल केले पाहिजे. परतण्यावरून शब्द करावा, तर 'परावर्तन' प्रकाशाने आधीच घेतलेले. अपरावर्तनीय म्हटले की विद्यार्थ्याला आरसा आठवणार. 'प्रत्यावर्ती' विजेच्या प्रवाहाकडे गेलेला. 'उत्क्रम' घ्यावा, तर शेजारी उत्क्रांती आणि तिची माकडे उभी. अखेर मराठी विश्वकोशाने 'व्युत्क्रमी' आणि 'अव्युत्क्रमी' ही जोडी चालवली. अर्थाने ती चोख आहे: ज्याचा क्रम उलटवता येतो ते आणि ज्याचा येत नाही ते. फक्त शेजारी कंस उघडून समजूत घातल्याशिवाय तो शब्द चालत नाही, आणि वर्गात उच्चारून घेतला तर पहिल्या बाकापासून शेवटच्या बाकापर्यंत जाताना त्याचे निम्मे व्यंजन गळून पडतात.

हे दुखणे मराठीचेच आहे असे कोणी समजू नये. एकदा गरम चहातून हवेत गेलेली ऊब आपणहून चहात परत येत नाही. निसर्गाच्या या एकेरी वाटेचे माप सांगण्यासाठी १८६५ साली क्लाउझियुस या जर्मन शास्त्रज्ञालाही शब्द सापडेना. तो ग्रीक भाषेकडे गेला, 'वळणे' या अर्थाचा शब्द उचलला आणि 'एनर्जी'शी मिळताजुळता दिसावा म्हणून त्याला 'एंट्रॉपी' असे रूप दिले. म्हणजे आपल्या 'परिवर्तना'तही वळणे आहे आणि त्याच्या एंट्रॉपीतही वळणेच आहे. मागे न वळण्याची गोष्ट सांगायला माणसाला वळण्याचाच धातू लागतो, ही एक गंमत.

आता स्वयंपाकघरात चला. हा अंक हाती पडेल तेव्हा बहुतेक घरी लाडू वळून झाले असतील. रव्याच्या लाडवांचा पाक करताना जरा लक्ष गेले की घरातली बाई म्हणते, "पाक पुढे गेला." ती घाबरत नाही. पाण्याचा हबका मारते, पातेले पुन्हा गॅसवर ठेवते आणि पाक मागे येतो. पण साखर करपली, की 'पुढे गेला' असे कोणी म्हणत नाही. 'जळला' म्हणतात आणि पातेले मोरीत जाते. तूप थिजते नि वितळते, वितळते नि थिजते. लोणी मात्र एकदा कढले की कढले. व्युत्क्रमी आणि अव्युत्क्रमी यांच्यामधली रेघ या बायकांनी कोणत्याही कोशाशिवाय आखून ठेवली आहे. ती विशेषणाने आखलेली नाही, क्रियापदाने आखली आहे. मराठीचा स्वभावच तो. वस्तू कशी आहे यापेक्षा तिचे काय झाले, हे सांगण्यात ती रमते.

दिवाळीचा आणखी एक शब्द घ्या: घडी मोडणे. पाडव्याला साडीची घडी मोडली, असे आपण म्हणतो. खरे पाहता ती साडी संध्याकाळी पुन्हा दुकानातल्यासारखी घडी घालून ठेवता येते. कापडाचे काहीही बिघडलेले नसते. तरी मोडलेली घडी ती मोडलेलीच, आणि ती साडी आता नणंदेला नवी म्हणून देता येत नाही. म्हणजे हे न परतणे कापडात नाही, ते आपल्या संकेतात आहे. 'एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही' ही दुकानातली पाटी याच जातीची. माल परत जाऊ शकतो. दुकानदार घेणार नाही एवढेच. आणि २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याने सदोष मालापुरते त्या पाटीचे दात काढले आहेत. बिलावर मुदत लिहिलेली नसेल, तर तीस दिवसांत सदोष माल परत न घेणे ही अनुचित व्यापारी प्रथा ठरते.

इथे मला या शब्दाचा खरा घोळ दिसतो. एक न परतणे माणसांनी ठरवलेले असते आणि एक पदार्थांनी. आपण दोहोंना एकच विशेषण लावतो. त्याची किंमत आमच्या यवतमाळ जिल्ह्याने दोन्ही बाजूंनी मोजली आहे.

माणसांनी ठरवलेले आधी पाहू. जमिनीच्या दस्तात एक भारदस्त जोडशब्द येतो, 'कायम फरोक्त'. फरोक्त म्हणजे फारसीत विक्री. कायम अरबी, मूळ अर्थ उभा असलेला. कायमची उभी राहिलेली विक्री. आमच्या विदर्भात सरळ 'विक्रीपत्र' म्हणतात, पण भाव तोच: यापुढे माझा वा माझ्या वारसांचा काही संबंध नाही. याच्या उलट मुदत खरेदी. पैसे अमुक मुदतीत फेडले की जमीन परत. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात हिला गहाणाचा एक प्रकार मानले आहे. मात्र परतीची अट त्याच दस्तात लिहिलेली असली पाहिजे, अशी दुरुस्ती १९२९ साली झाली. आता पाहा. सावकाराने दस्त लिहून घेतला विक्रीचा, आणि "पैसे आण, जमीन ने" हे सांगितले तोंडाने. शेतकऱ्याच्या मनात गहाण, कागदावर कायम फरोक्त. अशा एका शब्दाच्या फरकाने वऱ्हाडात किती घरांच्या हातचे शेत गेले, याचा हिशेब कोणत्याच दप्तरात मिळायचा नाही.

पण हे 'कायम' माणसांनी उभे केलेले असल्यामुळे माणसांना ते आडवेही करता येते. केळापूर, राळेगाव, मारेगाव या बाजूला कोलाम आणि गोंड वस्ती आहे. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात आदिवासींकडून बिगर-आदिवासींकडे गेलेल्या जमिनी मूळ मालकाला देण्याचा कायदा महाराष्ट्राने १९७४ साली केला. त्याच्या मराठी नावात प्रत्यावर्तन नाही, व्युत्क्रम नाही. 'परत' हा आपला साधा, आजीच्या तोंडचा शब्द आहे. सगळ्या जमिनी परत गेल्या असे मुळीच नव्हे. तरी पक्क्या दस्ताच्या वर जाऊन 'परत' म्हणता येते, एवढे तरी त्याने सिद्ध केले. २०१४ च्या सावकारी नियमन कायद्यानेही जिल्हा निबंधकाला तसा अधिकार दिला: दस्त विक्रीचा दिसला, तरी आत सावकारीचे कर्ज निघाले तर जमीन परत करण्याचा हुकूम देता येतो. (दिलेले मागे घेण्याचा आमच्या गावाला आणखीही एक अनुभव आहे. जानेवारी २०१९ मध्ये इथे भरलेल्या ब्याण्णवाव्या साहित्य संमेलनासाठी नयनतारा सहगल यांना दिलेले उद्घाटनाचे निमंत्रण मागे घेण्यात आले. निमंत्रण मागे घेता आले. मागे घेतल्याची बातमी मात्र कोणाला मागे घेता आली नाही. असो.)

आता दुसरी बाजू. २०१७ च्या खरिपात, कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन या जिल्ह्यातले वीसच्या आसपास शेतकरी व शेतमजूर दगावले आणि शेकडो इस्पितळात पडले. यवतमाळचे नाव तेव्हा देशभर झाले. वाचकांपैकी पुष्कळांचा शेताशी संबंध आता सातबाऱ्यापुरता उरला असेल, म्हणून सांगतो: आमच्याकडे फवारणीच्या विषाला 'औषध' म्हणतात. डब्यावरच्या त्रिकोणाचा रंग तांबडा असो की पिवळा, बोलण्यात ते औषधच.

त्या औषधांत ऑर्गॅनोफॉस्फेट वर्गातलीही होती. आपल्या शरीरात एक विकर असते. मज्जातंतूने स्नायूला धाडलेला निरोप पोचला की तो पुसून टाकायचा, हे त्याचे काम. या वर्गातल्या विषाचा रेणू त्या विकराला जाऊन चिकटतो. मग निरोप पुसलेच जात नाहीत. घाम फुटतो, लाळ गळते, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या होतात, स्नायू फडफडतात आणि शेवटी श्वास अडतो. पहिल्या काही काळात ही चिकटलेली जोडी सोडवता येण्याजोगी असते आणि त्यासाठी वेगळे औषध, म्हणजे खरे औषध, दिले जाते. पुढे चिकटलेल्या रेणूचा एक तुकडा गळतो, जोड पक्की होते, आणि मग ती सुटत नाही. कार्बामेट नावाच्या दुसऱ्या वर्गातली विषे त्याच विकराला चिकटतात, पण ती आपणहून सुटतात. लक्षणे सारखी, एक परतणारे, एक न परतणारे.

जोड पक्की होण्याच्या या क्रियेला डॉक्टर इंग्रजीत 'एजिंग' म्हणतात. भाषांतर करायला बसलो तर हाती लागते 'वयोवर्धन', म्हणजे विषाचा वाढदिवस! पण मराठीत या क्रियेसाठी पिढ्यान्‌पिढ्या वापरलेला शब्द पडून आहे: मुरणे. लोणचे मुरते, पाणी जमिनीत मुरते, ताप अंगात मुरतो, खोडी मुरते, राजकारणीसुद्धा मुरतो. मुरण्याआधी थोडा अवधी असतो, आणि मुरल्यावर ते उपसून काढता येत नाही. अपरिवर्तनीयात वेळेचा हा हिशेब नाही. अव्युत्क्रमीतही नाही. 'विष मुरायच्या आत' म्हटले की बैलगाडी हाकणाराही गाडी पळवील.

आणि विशेषणाने होणारा आणखी एक घात सांगितला पाहिजे. इस्पितळाच्या व्हरांड्यात 'अपरिवर्तनीय' हा शब्द कानावर पडला की नातेवाईक हाय खातात. आता काही उपयोग नाही, घरी नेऊ, असे म्हणू लागतात. पण सुटत नाही ती जोड, रोगी नव्हे. शरीर ते विकर नव्याने तयार करीत राहते. त्याला काही आठवडे लागतात. तोवर ॲट्रोपीन आणि लागलाच तर कृत्रिम श्वास यांच्या आधाराने तग धरली, तर माणूस आपल्या पायांनी घरी जातो. त्या एका शब्दाने काय परत येणार नाही आणि काय येऊ शकते, हे कोणीतरी त्या बाकावर बसलेल्या बाईला तिच्या भाषेत सांगायला नको का?

माझ्या वर्गात अर्धी मुले शेतकऱ्यांची आहेत. परिभाषेच्या तासाला हा शब्द निघाला, तेव्हा मागच्या बाकावरून एकाने विचारले, "सर, मुरायला वेळ किती लागते?" औषधावर आहे, मी म्हटले, काहींना थोडे तास, काहींना दिवस-दीड दिवस. म्हणून आधी अंगावरचे भिजलेले कपडे काढायचे, साबणाने अंग धुवायचे, आणि दवाखान्यात निघताना तो डबा, रिकामा का होईना, बरोबर घ्यायचा. डॉक्टरला वर्ग त्यावरून कळतो. त्याने ते वहीत नीट उतरवून घेतले. 'अव्युत्क्रमी' मात्र दोनदा विचारूनही चुकीचेच लिहिले.