हातातला फोन आणि घरातली माणसे

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. संध्याकाळी आम्ही कचेरीतून केळझरला परतलो, हातपाय धुतले आणि नेहमीप्रमाणे फोन घेऊन खाटेवर बसलो. आमच्या फोनमध्ये चौदा गट आहेत. वस्तीचा एक, मंडळाचा एक, जयंती समितीचा एक, कर्मचाऱ्यांचे दोन, नातेवाइकांचे तीन, आणि बाकीच्यांत आम्हाला कोणी कधी जोडले तेही आता आठवत नाही. आलेले वाचायचे, पुढे पाठवायचे, कोणी चुकीचे लिहिले तर त्याला उत्तर द्यायचे, याला आम्ही समाजकार्यच समजत होतो. त्या संध्याकाळी आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "बाबू, माह्या गोया सरल्या रे." आम्ही "हं" म्हणालो. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा म्हणाली. आम्ही पुन्हा "हं" म्हणालो. चौथ्या दिवशी सकाळी ती अंगणात चक्कर येऊन पडली. कपाळाला चार टाके पडले.

त्या गोळ्या रक्तदाबाच्या होत्या. औषधाचे दुकान आमच्या येण्याजाण्याच्या वाटेवर आहे. खिशात पैसेही होते. घरात फक्त ऐकणारा कान नव्हता. आई आता बरी आहे. "मी तुले सांगतलं होतं," असे ती एकदाही म्हणाली नाही, आणि तेच आम्हाला अधिक लागले.

पुढे आठवडाभराने आमचा नववीतला मुलगा रात्री अकरा वाजता पांघरुणात फोन पाहताना सापडला. आम्ही रागावलो. तो खाली मान घालून एवढेच म्हणाला, "बाबा, तुमीबी तर तेच करता." आमच्याजवळ उत्तर नव्हते. म्हणून आज या स्तंभात मुलांवर नव्हे, आधी आमच्यावर लिहीत आहोत.

आम्ही बी. कॉम. झालेले कारकून. आकडेमोड हा आमचा रोजचा धंदा. फोनच्या सेटिंगमध्ये डिजिटल वेलबीइंग नावाची एक जागा असते, तिथे आपण दिवसाकाठी किती वेळ पडदा पाहिला ते लिहून येते. आमचा आकडा निघाला रोज सरासरी ३ तास २० मिनिटे. म्हणजे वर्षाला ७३,००० मिनिटे, म्हणजेच पन्नास दिवस आणि वर सोळा तास चाळीस मिनिटे. वर्षातले पन्नास दिवस आणि पन्नास रात्री आम्ही न झोपता, न जेवता फोनच पाहत होतो असा त्याचा अर्थ. एवढ्या रजा कोणत्याही कचेरीत मिळत नाहीत.

पैशाचाही हिशेब मांडला. घरात चार फोन. रिचार्ज साधारण तीनशे रुपयांचा. आपण त्याला महिन्याचा म्हणतो, पण तो असतो २८ दिवसांचा. म्हणून वर्षात बारा नव्हे, तेरा रिचार्ज होतात. चार फोनचे झाले १५,६०० रुपये. रोजमजुरीवर चालणाऱ्या घरात ही रक्कम लहान नाही.

वाचकहो, फोन वाईट आहे असे आमचे म्हणणे नाही. शिष्यवृत्तीचा अर्ज, बँकेतला पैसा, रेशनकार्डाची केवायसी, मजुरीचा निरोप, पुण्या-मुंबईला गेलेल्या लेकराचा आवाज, सगळे त्याच फोनमधून येते. श्रीमंताच्या घरी संगणक असतो, वेगळी खोली असते, शिकवणी असते. आपल्या घरी एक खोली आणि एक फोन, तेच सर्व काही. २०१६ च्या सप्टेंबरात जिओ आले आणि इंटरनेट स्वस्त झाले. २०२० मध्ये टाळेबंदी आली, शाळा बंद पडल्या, आणि कालपर्यंत ज्या वस्तूला मुलाने हात लावू नये म्हणत होतो, तीच आपण उसने पैसे घेऊन त्याच्या हातात दिली. शाळा पुन्हा उघडल्या, पण फोन हातातून सुटला नाही. यात एकट्या मुलाचा दोष काढणे न्यायाचे नाही.

मग तो सुटत का नाही? ज्यांनी जवळून मटका पाहिला आहे, त्यांना हे लवकर समजेल. मटक्याचा आकडा रोज लागला असता तर माणूस कंटाळला असता, आणि कधीच लागला नसता तर त्याने नाद सोडला असता. तो कधीतरी लागतो, म्हणूनच माणूस पुन्हा लावतो. फोनवरच्या चित्रफितींचेही तसेच आहे. नऊ फिती टाकाऊ, दहावी मजेची. त्या दहावीसाठी अंगठा सरकत राहतो. पूर्वी वर्तमानपत्राचे शेवटचे पान यायचे, सिनेमा संपून दिवे लागायचे. फोनला शेवटचे पानच नाही. बोट सरकवले की खालून नवे येतच राहावे, ही युक्ती २००६ मध्ये अमेरिकेतल्या अझा रास्किन या तंत्रज्ञाने काढली. पुढे त्यांनी स्वतःच तिच्याबद्दल जाहीरपणे पश्चात्ताप व्यक्त केला. जेवढा वेळ आपण पाहू तेवढ्या जाहिराती दिसतात, आणि जाहिरातींवर कंपन्यांचा धंदा चालतो. म्हणजे आपल्याला फुकट वाटणाऱ्या त्या खेळात आपला वेळच विकला जातो.

आता शरीराकडे पाहू. पहिला मार डोळ्यांना बसतो. पडद्याकडे टक लावून पाहताना माणूस पापण्या कमी मिटतो. त्यामुळे डोळे कोरडे पडतात, चुरचुरतात, लाल होतात. मुले तासन् तास जवळचेच पाहत राहिली आणि मोकळ्या उजेडात खेळली नाहीत, तर लांबचे अंधुक दिसण्याचा दोष वाढतो. दुसरा मार मानेला. आपले डोके साधारण साडेचार-पाच किलो वजनाचे. ते जितके पुढे झुकवावे, तितका मानेवरचा ताण कित्येक पटींनी वाढतो. दिवसभर कापूस वेचून किंवा सोयाबीन सोंगून आधीच वाकलेली मान रात्री पुन्हा फोनसाठी वाकते आणि सकाळी खांद्यातून कळ निघते. अंगठ्याच्या मुळाशी दुखणे हेही फार फोन हाताळणाऱ्यांत आढळते.

तिसरा मार झोपेला, आणि आमच्या मते तो सर्वांत मोठा. अंधार पडला की शरीरात झोप आणणारे मेलाटोनिन नावाचे द्रव्य तयार होऊ लागते. पडद्याचा उजेड त्याला मागे रेटतो. वाढत्या वयाच्या मुलांना आठ ते दहा तास झोप लागते. बारा वाजता झोपून सहाला उठलेला मुलगा वर्गात पेंगतो, चिडतो, विसरतो, आणि आपण त्याला ढ म्हणतो. तो ढ नसतो, उपाशी असतो. भाकरीचा नव्हे, झोपेचा.

तान्ह्या लेकराला घास भरवताना फोन दाखवायची पद्धत घरोघरी पडली आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये सांगितले की दोन वर्षांखालच्या बाळाला पडदा दाखवूच नये, आणि दोन ते चार वर्षांच्या मुलाला दिवसाला एका तासापेक्षा जास्त नको, कमी असेल तर अधिक चांगले. याच संघटनेच्या आजारांच्या नव्या यादीत खेळाच्या व्यसनाचीही नोंद आहे; ती यादी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. खेळावर ताबा न राहणे, बाकी सगळ्या गोष्टींपेक्षा खेळच मोठा वाटणे, आणि नुकसान दिसत असूनही तो चालूच ठेवणे, ही त्याची खूण. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर तर केंद्र सरकारने २०२५ च्या ऑगस्टमध्ये कायद्यानेच बंदी घातली.

उपाय काय? आपल्याच महाराष्ट्रातल्या दोन गावांकडे पाहू. यवतमाळ जिल्ह्यात पुसद तालुक्यात बान्सी नावाचे गाव आहे. तिथल्या ग्रामसभेने २०२२ च्या नोव्हेंबरमध्ये अठरा वर्षांखालील मुलांना मोबाइल वापरण्यास बंदी करण्याचा ठराव घेतला. अडचणी येतील, पण मुलांचे आणि पालकांचे समुपदेशन करू, असे सरपंच गजानन टाले यांनी तेव्हाच सांगितले होते. दुसरे गाव सांगली जिल्ह्यात कडेगाव तालुक्यातले मोहित्यांचे वडगाव. टाळेबंदीनंतर मुले लिहिण्या-वाचण्यात मागे पडली, आळसावली, हे तिथल्या शिक्षकांच्या लक्षात आले. तेव्हा २०२२ मध्ये सरपंच विजय मोहिते यांच्या पुढाकाराने गावाने ठरवले, की रोज संध्याकाळी सात वाजता भोंगा वाजेल. भोंगा वाजला की घरोघरी टीव्ही आणि मोबाइल बंद. मुले अभ्यासाला बसतील, मोठी माणसे वाचतील किंवा एकमेकांशी बोलतील. साडेआठला पुन्हा भोंगा. सुरुवातीला आशाताई, अंगणवाडीताई, ग्रामपंचायतीचे कर्मचारी आणि निवृत्त शिक्षक घरोघर फिरून समजावत होते.

दोन्ही गावांची तळमळ सारखीच. पण आमच्यासारख्या बापाला वडगावचा मार्ग अधिक पटला. एकट्या मुलावर बंदी घातली, की तो मोठा होण्याची किंवा आपली पाठ वळण्याची वाट पाहतो. वडगावचा भोंगा बापालाही वाजतो आणि आजीच्या मालिकेलाही. जो नियम आपण स्वतः पाळत नाही, तो मुलाकडून पाळून घेता येत नाही.

आमच्या घरी भोंगा नाही, पण सात वाजता घड्याळ पाहता येते. दिवाळीनंतर आम्ही ठरवले, सात ते साडेआठ चारही फोन टोपलीत आणि टोपली फळीवर. वाजला तर एकानेच उठून पाहायचे. निकडीचे असेल तरच बोलायचे. रात्री फोन उशाशी नाही, समोरच्या खोलीत चार्जिंगला. गजरासाठी जुने घड्याळ काढले. चौदांपैकी नऊ गटांचा आवाज बंद केला. त्यामुळे समाजाचे काहीही अडले नाही, हे इथे प्रामाणिकपणे नमूद करतो.

पहिले आठ दिवस जड गेले. हात आपोआप फळीकडे जायचा, आणि मुलापेक्षा आमचा जास्त जायचा. मुलाने ते पाहिले, हसला, आणि त्या हसण्यानेच त्याचा राग निवळला. ज्या घरात जागा नाही, तिथल्या मुलांना हा दीड तास विहारात किंवा समाजमंदिरात एकत्र बसवता येईल. एक दिवा, एक सतरंजी आणि पाळीपाळीने बसणारा एक मोठा माणूस, एवढेच लागते. आपल्या वस्तीच्या बैठकीत हा विषय जरूर घ्यावा. आणि प्रकरण घरच्यांच्या हाताबाहेर गेले असेल, मूल जेवण-झोप सोडत असेल, फोन काढला की अंगावर धावत असेल, तर मारझोड करू नये आणि लाजूही नये. १४४१६ हा सरकारचा टेलिमानस क्रमांक आहे. तो विनामूल्य आहे आणि रात्रंदिवस चालू असतो. हा आजार आहे. त्याला तापासारखाच डॉक्टर दाखवावा.

आमच्या घरी त्या दीड तासात आता आई बोलते. दुष्काळातल्या गोष्टी सांगते, बाबांच्या गिरणीतल्या सांगते. यातल्या निम्म्या आम्ही चाळिशी उलटून गेल्यावर पहिल्यांदाच ऐकल्या. आणि तिच्या गोळ्या? दर रविवारी नातू पाकीट उघडून मोजतो आणि भिंतीवरच्या दिनदर्शिकेत किती उरल्या तो आकडा लिहून ठेवतो.