उघाडी कुणाच्या हातात?

खारेपाटात पोराला पाय फुटले की ते आधी बांधावर चालायला शिकतं. एका अंगाला धरमतरची खाडी, दुसऱ्या अंगाला भाताचं शेत. उधाणाच्या भरतीला खाडीचं पाणी शेतापेक्षा वर असतं. परक्या माणसाला ते पाहून धडकी भरते. आम्ही मात्र पिढ्यान् पिढ्या त्या पाण्याच्या खाली भात पिकवत आलो, तो एका चिखलदगडाच्या बांधाच्या आणि त्या बांधातल्या उघाडीच्या भरवशावर.

उघाडी ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगतो. बांधात बसवलेलं झडपेचं दार, दुसरं काही नाही. ओहोटीला शेतातलं पावसाचं पाणी आतून रेटतं, झडप उघडते आणि पाणी खाडीत जातं. भरतीला खाडी बाहेरून दाबते आणि झडप मिटते. गोडं पाणी बाहेर जातं, खारं आत येत नाही. पहिल्या पावसांनी जमिनीतला खार असा धुऊन गेला की मोड आलेलं भात फेकायचं. बाबा म्हणायचे, ‘‘बाला, दर्या काय आपला वैरी नाय. मासली त्योच देतो. पन दार त्याच्या हातान द्यायचा नाय.’’

माझ्या लहानपणी श्रावणातल्या एका उधाणाच्या रात्री बांधाला खांड पडली. कुणीतरी हाळी दिली आणि सगळं गाव कंदील घेऊन धावलं. पेंढा, वासे, गोणी, जे हाताला लागेल ते आणलं. बायकांनी रांग धरली आणि चिखलाचे गोळे या हातातून त्या हातात जाऊ लागले. पुढची भरती यायच्या आत खांड बुजली. कुणी अर्ज केला नव्हता, कुणी टेंडर काढलं नव्हतं. ज्याचं शेत त्या अंगाला नव्हतं तोही कमरेइतक्या पाण्यात उभा होता.

हे सगळं सांगायचं कारण असं, की गेली तीस-पस्तीस वर्षं आम्हाला एकच वाक्य ऐकवलं जातंय. जागतिकीकरण ही लाट आहे, ती थोपवता येत नाही, तिच्याबरोबर वाहायला शिका. वर्तमानपत्रात हेच आणि पुढाऱ्याच्या भाषणातही हेच. खारेपाटातल्या माणसाला लाटेचं भय घालणारा माणूस बहुतेक चौथ्या मजल्यावर राहत असावा. आमच्याकडे लाट दिवसातून दोनदा येते. ती थोपवता येते की नाही, हा आमचा प्रश्नच नव्हता. काय आत घ्यायचं आणि काय बाहेर ठेवायचं, हे कोण ठरवणार, एवढाच प्रश्न होता.

आणि जग आम्हाला नवीन थोडंच आहे? चौलचं बंदर दोन हजार वर्षांपूर्वी दूरदेशीच्या व्यापाऱ्यांना ठाऊक होतं. रेवदंड्याला पोर्तुगीज येऊन राहिले. बेने इस्रायली इथे आले, तेलाचे घाणे चालवू लागले, मराठी बोलू लागले, शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून लोक त्यांना शनवार तेली म्हणू लागले. जग आलं, आमच्यातलं झालं. तेव्हा आम्हाला कुणी ‘विकासाला विरोध करणारे’ म्हटलं नाही. कारण त्या जगाने शेताचा बांध फोडला नव्हता.

आताचं जग आलं ते आधी बंदुका घेऊन आलं. हे अलंकारिक बोलत नाही. नवी मुंबईसाठी आणि पुढे न्हावा-शेव्याच्या बंदरासाठी जमिनी घेतल्या जात होत्या, तेव्हा दि. बा. पाटलांच्या मागे आगरी-कोळी माणूस उभा राहिला. १६ आणि १७ जानेवारी १९८४ ला उरणच्या मातीत गोळीबार झाला आणि पाच शेतकरी हुतात्मा झाले. जासईला दर वर्षी त्यांना मानवंदना देतात. साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचं जे तत्त्व आज सगळे तोंडभरून सांगतात, ते कुठल्या अर्थतज्ज्ञाच्या डोक्यातून निघालं नाही. ते त्या रक्तातून निघालं. पाच वर्षांनी, २६ मे १९८९ ला, बंदर सुरू झालं. आज देशात येणाऱ्या-जाणाऱ्या कंटेनरांचा मोठा वाटा तिथून हलतो. तुमच्या घरातला टीव्ही, पोराचं खेळणं, औषधाचा कच्चा माल कदाचित त्याच धक्क्यावरून आला असेल.

त्या मालाची किंमत दुकानात तुम्ही भरता. उरलेली किंमत कोण भरतं ते ७ ऑगस्ट २०१० ला दिसलं. मुंबई बंदराच्या तोंडाशी ‘एमएससी चित्रा’ आणि ‘खलिजिया’ ही दोन जहाजं आपटली. चित्रा कलंडली, कंटेनर समुद्रात पडले, तेल पसरलं. किनाऱ्यावरची तिवरं काळी झाली. नारळी पौर्णिमा अवघ्या सतरा दिवसांवर होती आणि कोळ्यांचा हंगाम नुकताच उघडत होता. मुंबईकरांनी भीतीने मासे खाणं बंद केलं. जहाजांना विमा असतो, मालाला विमा असतो. टोपलीत न विकलेल्या मांदेलीला विमा नसतो.

२०१५ मध्ये राष्ट्रीय हरित लवादाने उरणच्या १,६३० मच्छीमार कुटुंबांना सुमारे ९५ कोटी रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. बंदराच्या विस्ताराने त्यांची मासेमारीची जागा आणि तिवरं गेली, हे लवादाने मान्य केलं. म्हणजे हे आमचं रडगाणं नाही, न्यायाच्या कागदावर लिहिलेलं आहे. पण पैशाने जाळं विकत मिळतं, खाडी मिळत नाही.

मग सेझ आलं. २००५ चा नवा कायदा, पण जमीन घ्यायला १८९४ चा इंग्रजांचा कायदा! एकविसाव्या शतकातल्या जगाच्या बाजारासाठी व्हिक्टोरिया राणीचं हत्यार. महामुंबई सेझसाठी उरण, पनवेल, पेण मिळून ४५ गावांच्या जमिनींवर नोटिसा लागल्या. एन. डी. पाटील सरांसारखा म्हातारा माणूस गावोगाव फिरला. आमच्या बायका रस्त्यावर उतरल्या. शेवटी हेटवणे धरणाच्या लाभक्षेत्रातल्या २२ गावांत सरकारला मत घ्यावं लागलं. तारीख होती २१ सप्टेंबर २००८.

बाबा तोवर गेले होते, सातबाऱ्यावर आईचं नाव चढलं होतं. ती इरकली लुगडं नेसून मतदानाला गेली, सणाला नेसायची तेच. परत आल्यावर मी विचारलं, ‘‘काय केलंस?’’ म्हणाली, ‘‘पैल्यांदा कोनी माना इचारला. मी सांगला, नाय.’’ बहुतेकांनी तेच सांगितलं. पुढे संपादनाची मुदत टळली आणि ते सेझ बारगळलं. जगाची लाट थोपवता येत नाही म्हणणाऱ्यांनी ही तारीख पाठ करावी.

पण विजयाचे ढोल वाजवताना एक गोष्ट आम्हीही लपवली. मत होतं ते खातेदाराला. आमच्या शेतात पिढ्यान् पिढ्या लावणी-कापणी करणाऱ्या कातकऱ्यांना कुणी विचारलं नाही, सरकारने नाही आणि आम्हीही नाही. चरीच्या शेतकऱ्यांनी १९३३ पासून सहा वर्षं खोतांविरुद्ध संप केला, नारायण नागू पाटलांनी तो लढवला, बाबासाहेब आंबेडकरांनी पाठिंबा दिला. त्या संपाचा मुद्दा हाच होता ना, की राबणाऱ्याचा शब्द मोजा? त्या संपाची नावं घेणाऱ्या जिल्ह्याला हे शोभलं नाही.

सेझ हरलं आणि आम्ही गाफील झालो. कारण पुढे जे आलं ते नोटीस घेऊन आलं नाही. खाडीतून मालाच्या बार्जींची ये-जा वाढली. बार्ज गेली की तिची लाट बांधाच्या पायावर आपटते. पाया झिजतो. मग एका उधाणाला आमच्या अंगाच्या बांधाला खांड पडली. या वेळी गाव धावलं नाही. धावणारे पनवेलला, तळोज्याला कामावर होते. मीही नोकरीवर होतो. खोटं कशाला सांगू, फोन आला तेव्हा मी म्हणालो, ‘‘रविवारी येतो.’’ भरती रविवारची वाट बघत नाही.

मग अर्ज सुरू झाले. या कचेरीतून त्या कचेरीत. एकाने निधी नाही म्हटलं, दुसऱ्याने हद्द आमची नाही म्हटलं. खारं पाणी शेतात रोज येऊ-जाऊ लागलं. तीन पावसाळ्यांत भाताच्या जागी तिवरं उभी राहिली. तिवरं तोडायला बंदी, २००५ पासून न्यायालयाचा तसा हुकूमच आहे, आणि तो योग्यच आहे. पण ज्या तिवरांवर भराव टाकून धक्के बांधायला रीतसर परवानग्या मिळतात, तीच तिवरं गरिबाच्या फुटक्या शेतात उगवली की शेत कायमचं गेलं, हा कुठला न्याय? अशा वेळी पांढऱ्या गाडीतून एजंट येतो आणि सहानुभूतीने विचारतो, ‘‘ताई, पडीक जमीन ठेवून काय करणार?’’ आधी बांध फुटू द्यायचा, मग जमिनीला पडीक म्हणायचं, मग पडिकाचा भाव लावायचा. कागदावर याला ‘राजीखुशीचा व्यवहार’ म्हणतात. २००८ मध्ये आईने तोंडावर सांगितलेलं ‘नाय’ असं मागच्या दाराने पुसलं गेलं.

कुणी म्हणेल, यात भलं काहीच नाही का? आहे, आणि ते नाकारणारा मी नाही. पेणचे गणपती कंटेनरमध्ये बसून परदेशी जातात, त्यावर हमरापूर-जोह्याची घरं चालतात. अलिबागच्या पांढऱ्या कांद्याला भौगोलिक मानांकन मिळालं, तोही जागतिक व्यापाराच्याच नियमांतून आलेला हक्क आहे. माझी स्वतःची पेन्शन मालवाहतुकीच्या धंद्यातून आली. पण या सगळ्यांत एक गोष्ट समान आहे. मूर्ती आमच्या कारागिराच्या हातची आणि बियाणं आमच्या शेतकऱ्याच्या घरचं. जिथे दोर आमच्या हातात राहिला तिथे जगाशी व्यवहार फायद्याचा झाला.

दोर हातात नसला की काय होतं ते अटल सेतूवर जाऊन बघा. १२ जानेवारी २०२४ ला तो सुरू झाला, आमच्या चिर्ल्यापाशी उतरतो. त्यावर दुचाकी चालत नाही, रिक्षा चालत नाही, ट्रॅक्टर चालत नाही. म्हणजे ज्यांच्या जमिनीवर पूल उतरला, त्यांच्या दारातलं एकही वाहन त्यावर चढत नाही.

म्हणून मागणं साधं आहे. खाडीतून जो माल नेतो त्याने बांधाचा खर्च द्यावा. खांड पडली की पुढच्या उधाणाच्या आत बुजवणं ही एकाच कचेरीची जबाबदारी ठरावी. आणि जमिनीबद्दल विचारायचं असेल तर २००८ सारखं चिठ्ठी टाकून विचारा, आणि या वेळी कातकऱ्यालाही चिठ्ठी द्या.

गाववाल्यांना वेगळं सांगायचंय. जमिनीच्या पैशातून हळदीला डीजे वाजवला, गाडी घेतली, ती गाडीही आता जुनी झाली. उरलेला बांध तरी सांभाळू या. मी आता निवृत्त आहे, रविवारची वाट बघायची मला गरज नाही. आषाढातल्या अमावास्येला उधाण आहे. मी फावडं घेऊन उघाडीपाशी असेन. कोण कोण येतंय ते बघतो.