वायमारमधली रेणुका

धुळ्यात पांझरेच्या काठी, देवपुरात एकवीरादेवीचं देऊळ आहे. खानदेशातल्या कितीतरी घराण्यांची ही कुलस्वामिनी. रेणुकेचं रूप म्हणून तिची पूजा होते. चैत्राच्या यात्रेत, नवरात्रात जावळं काढायला आणि नवस फेडायला लांबलांबून माणसं येतात. त्या गर्दीत कुणाला सांगितलं, की जर्मन भाषेतल्या सर्वांत मोठ्या कवीनं या देवीची कथा कवितेत लिहिली आहे आणि तिकडे ती पियानोच्या साथीनं गायली जाते, तर तो आधी हसेल. पण गोष्ट खरी आहे.

कवी म्हणजे योहान वोल्फगांग गटे. कवितेचं नाव ‘पारिया’, म्हणजे अंत्यज. तीन भागांची ही रचना त्यानं १८२४ मध्ये स्वतःच्याच नियतकालिकात छापली, तेव्हा तो पंचाहत्तरीला टेकला होता. विषय मात्र त्याच्या डोक्यात तरुणपणापासून घोळत होता. प्येर सोनेरा नावाच्या फ्रेंच निसर्गअभ्यासकानं हिंदुस्थानच्या प्रवासावर लिहिलेला ग्रंथ १७८२ मध्ये निघाला. त्यात तमिळ मुलखातल्या मारीअम्मनची कथा होती, तीच गटेच्या हाती लागली. हा विषय आपण चाळीस वर्षं जवळ बाळगला, असं त्यानं १८२३ च्या नोव्हेंबरात आपला सहकारी एकरमान याला सांगितलं. पोलादी तारा ठोकून घडवलेल्या दमास्कसच्या पात्याची उपमाही त्यानं या कवितेला दिली. एकरमानच्या टिपणांत हे नोंदलेलं आहे.

कवितेत रेणुकेचं नाव नाही, जमदग्नीचं नाही, परशुरामाचंही नाही. तरीही खानदेशातली कुठलीही आजी चार ओळींत ओळखेल. ब्राह्मणाची शुद्ध आचाराची बायको रोज नदीवर पाण्याला जाते. तिला घागर लागत नाही. तिच्या पुण्याईनं पाणी हातातच गोळा होऊन राहतं. एके दिवशी पाण्यात तिला आकाशातून जाणाऱ्या एका देखण्या तरुणाचं प्रतिबिंब दिसतं, मन क्षणभर चळतं आणि पाणी काही केल्या धरत नाही. रिकाम्या हातानं ती घरी येते. नवरा एका नजरेत सगळं ओळखतो, तलवार उचलतो आणि तिला वधाच्या टेकडीवर नेतो.

इथपर्यंत आपलीच कथा. पुढे वाट फुटते.

महाभारताच्या वनपर्वात बाप मुलांना आज्ञा करतो. चार मुलं सुन्न होऊन गप्प राहतात, परशुराम मात्र परशू उचलतो आणि मग वर मागून आईला जिवंत करतो. तिला घडलेलं काही आठवतही नाही. सगळं पूर्ववत. गटेच्या कवितेत मारणारा हात नवऱ्याचा आहे. मुलगा रक्तानं माखलेली तलवार पाहून जीव द्यायला निघतो, तेव्हा बाप त्याला धड आणि शिर जोडण्याची मुभा देतो. मुलगा धावत टेकडीवर पोचतो. तिथे दोन धडं पडलेली आहेत, एक आईचं आणि दुसरं देहदंड झालेल्या एका अंत्यज बाईचं. घाईत तो आईचं शिर त्या दुसऱ्या धडाला लावतो. उठून उभी राहते ती प्रचंड देवी. तिचं डोकं ब्राह्मणीचं आणि देह अस्पृश्येचा. ज्ञान आणि वासना आता एकाच ठिकाणी नांदायच्या, एकीनं दुसरीला विसरायचं नाही. ती मुलाला बजावते, की सगळ्यांत खालच्या माणसाचंही ब्रह्मदेव ऐकतो, हे जगाला जाऊन सांग. आपण स्वतः ब्रह्मदेवाला काय ऐकवणार आहोत, ते मात्र ती आपल्यापाशीच ठेवते.

‘आमच्या रेणुकेची परक्यानं केलेली मोडतोड’ अशी तक्रार इथे कुणी करील. ती टिकणार नाही. शिरांची अदलाबदल गटेनं मनानं रचलेली नाही, दक्षिणेत ती शतकानुशतकं सांगितली जाते. मारीअम्मन, यल्लम्मा, मातंगी या एकाच कुळातल्या देवता. सौंदत्तीच्या यल्लम्माला जाणारे जोगती-जोगतिणी आजही रेणुका आणि मातंगी यांची सांगड घालतात. माहूरला रेणुकेचा नुसता मुखवटा, तांदळा पुजला जातो. रा. चिं. ढेरे यांनी ‘लज्जागौरी’त शिर नसलेल्या मातृदेवतांच्या मूर्ती आणि रेणुका-यल्लम्मा यांच्यातलं नातं उलगडून दाखवलं, तेव्हा मराठी वाचक चकित झाला होता. पोथीतली रेणुका आणि लोकांतली रेणुका या दोघी आपल्याकडेच वेगळ्या आहेत. गटेपर्यंत लोकांतली पोचली, एवढंच.

मराठी माणसाला गटे माहीत आहे तो ‘शाकुंतल’मुळे. विल्यम जोन्सचं इंग्रजी भाषांतर १७८९ चं, त्यावरून गेऑर्ग फोर्स्टरनं १७९१ मध्ये जर्मन केलं आणि ते वाचून गटेनं चार ओळींची स्तुती लिहिली. शाळेतल्या संस्कृतच्या तासाला ती सांगितली नाही, असा मास्तर विरळा. वर ‘तो ग्रंथ डोक्यावर घेऊन नाचला’ ही दंतकथाही. तो नाचल्याचा पुरावा कुणी देत नाही, पण गोष्ट ऐकायला गोड लागते. एका युरोपियनानं आपल्या नाटकाला दिलेलं हे प्रशस्तिपत्र आपण दोनशे वर्षं चौकट करून भिंतीवर टांगलं आहे. त्याच कवीनं आपल्या समाजाला विचारलेला प्रश्न मात्र अडगळीत पडला. आपल्या सोयीचा गटे आपण घेतला, असं म्हणणं कठोर वाटेल, पण चुकीचं नाही.

कारण ‘पारिया’चा पहिला भाग ही प्रार्थना आहे. अस्पृश्य माणूस ब्रह्मदेवाला विचारतो, की सगळे तुझेच, तर आमच्या वाट्याला कोण? तिसरा भाग त्याचा कृतज्ञतेचा शब्द. मधली कथा हे त्याला मिळालेलं उत्तर. पंढरपूरच्या विठ्ठलाचं दार अस्पृश्यांना उघडावं म्हणून साने गुरुजी उपोषणाला बसले ते १९४७ च्या मे महिन्यात, म्हणजे ही कविता छापून सव्वाशे वर्षं होत आली तेव्हा. गुरुजी अमळनेरच्या प्रताप हायस्कुलातले शिक्षक. या प्रश्नाचं खानदेशाशी नातं आहे ते असं, आतलं.

आता संगीत. जर्मनीत कवितेला चाल लावून एका गायकानं पियानोवर गाण्याची मोठी परंपरा आहे. गटेचीच ‘देव आणि देवदासी’ ही महादेवावरची कविता शूबर्टनं १८१५ मध्ये स्वरबद्ध केली. नऊ कडव्यांना एकच चाल, आपल्या आरतीसारखी. ‘पारिया’ला हात घातला कार्ल लोव्हेनं. हा स्टेटिन शहरातला संगीतकार, कथागीतांचा बादशहा. तिथल्या चर्चमध्ये ऑर्गनजवळच्या खांबात त्याचं हृदय पुरलेलं आहे. शहर आज पोलंडमध्ये गेलं आहे, हृदय जागच्या जागी. १८३० च्या दशकात त्यानं तिन्ही भाग स्वरबद्ध केले. शूबर्टसारखी एकच चाल त्यानं फिरवत ठेवली नाही. कथा जशी वळते तसं संगीत वळतं. निवेदक, नवरा, मुलगा, देवी ही सगळी सोंगं एकाच गायकानं आवाजातून उभी करायची. संबळ आणि तुणतुण्याच्या साथीनं गोंधळी रात्रभर हेच करतो. ध्वनिमुद्रण ऐकताना भाषा कळली नाही तरी आख्यान लागलं आहे हे कळतं.

गाण्यासाठी केलेलं भाषांतर आणि वाचण्यासाठी केलेलं भाषांतर या दोन वेगळ्या कामगिऱ्या. एडगर आल्फ्रेड बोरिंग या इंग्रजानं १८५३ मध्ये गटेच्या कविता मूळ छंद राखून इंग्रजीत आणल्या. ‘पारिया’ही त्यात आहे. ओळी सुरांवर बऱ्यापैकी बसतात, पण इंग्रजी अवघडून उभी राहते. छंद सांभाळण्याची ही किंमत आहे. उलट अर्थ धरून गद्यात उतरवलं, तर गायकाच्या हाती काहीच येत नाही.

मराठीची अडचण याहून कमी असावी, आणि इथे खानदेशाचं पारडं जड आहे. ‘पारिया’तल्या मधल्या कथेला यमक नाही, आणि तिच्या ओळी सात-आठ अक्षरांत संपतात. पहिल्या अक्षरावर जोर, दुसरं हलकं, अशी चाल. आठ अक्षरांची ओळ म्हणजे जळगावकरांना नव्यानं शिकवायची गोष्ट नव्हे. आसोद्याच्या बहिणाबाई चौधरींची जात्यावरची गाणी याच मापात चालतात. सोपानदेवांनी जपलेली ती गाणी १९५२ मध्ये पुस्तकात आली, पण घराघरांत पोचली ती ‘मानिनी’ चित्रपटातून आणि पुढे यशवंत देवांच्या चालींवर उत्तरा केळकरांनी गायली म्हणून. बहिणाबाईंची बोली अहिराणी म्हणायची की लेवा गणबोली, हा वाद वाद घालणाऱ्यांनी खुशाल चालू ठेवावा. माप तेच राहतं.

म्हणून ‘पारिया’चं भाषांतर प्रमाण, संस्कृतप्रचुर मराठीत होऊ नये. तसं झालं तर देवी पुन्हा पोथीत जाऊन बसेल, आणि डोकं एकीचं, धड दुसरीचं हा सगळा प्रकार रूपक म्हणून समजावून सांगितला जाईल. खानदेशातल्या कानबाई या देवीच्या गाण्यांत जी अहिराणी आहे, तिच्यात ही कथा सांगावी. अंत्यज बाईचा देह, तिला झालेला देहदंड, जातीचं नाव, यांतलं काही सौम्य करू नये. गटेनं केलेलं नाही.

असा प्रवास अशक्य नाही, याचा दाखला मराठी रंगभूमीनंच दिला आहे. शिरांच्या अदलाबदलीची दुसरी एक कथा, वेताळाची, जर्मन लेखक टोमास मानपर्यंत पोचली आणि १९४० मध्ये त्याची कादंबरिका आली. तीवरून गिरीश कार्नाडांनी कन्नडमध्ये ‘हयवदन’ लिहिलं. चिं. त्र्यं. खानोलकरांनी ते मराठीत आणलं, विजया मेहतांनी बसवलं. पुढे त्याच विजयाबाईंनी ‘हयवदन’ जर्मन नटांना घेऊन बसवलं ते वायमारमध्ये, गटेच्या गावात. देणंघेणं पूर्ण झालं. रेणुकेच्या बाबतीत मात्र ते अजून अर्ध्यावर आहे.

काम अवाढव्य नाही. जर्मन जाणणारा एक माणूस, अहिराणीत लिहिणारा एक कवी आणि वहीगायन, म्हणजे खानदेशी लोकगायन, करणारं एखादं मंडळ, एवढी जुळणी लागेल. जळगावच्या विद्यापीठाला बहिणाबाईंचं नाव आहे, तिथल्या भाषा विभागानं ती करावी. लोव्हेच्याच चालीवर गायचं की डफाच्या ठेक्यावर, हे गाणाऱ्यांनी ठरवावं. पहिला प्रयोग सभागृहात न ठेवता एकवीरेच्या यात्रेत ठेवावा. लोकांना पटलं नाही, तर तेही तिथेच कळेल.