हजार रूबलचा आचारी आणि भाजलेला बटाटा

पुस्तकावर गप्पा मारायच्या आणि सोबत त्या पुस्तकातल्या देशाचं काहीतरी खायला करायचं, ही पद्धत आता आपल्याकडच्या वाचनकट्ट्यांमध्येही दिसू लागली आहे. काहींना हे चोचले वाटतात. "पुस्तक राहतं बाजूला आणि बायका पाककृती लिहून घेतात," असं आमच्या गटातले एक निवृत्त प्राचार्य म्हणतात. (पुरुषही लिहून घेतात, हे ते सोयीस्करपणे विसरतात!) त्यांचं म्हणणं अगदीच चूक नाही. पण मला वाटतं, खाणं कादंबरीच्या आतूनच आलं असेल तर ते चर्चेच्या आड येत नाही. उलट कधीकधी चर्चेचं दार तेच उघडतं.

या खेपेला पुस्तक होतं टॉलस्टॉयचं 'वॉर अँड पीस' आणि यजमानपण माझ्याकडे. नेपोलियनच्या १८१२ च्या रशियावरील स्वारीची ही कथा १८६९ साली पूर्ण झाली. टॉलस्टॉयचा जन्म १८२८ चा, म्हणजे त्याच्यासाठीही ती वडिलांच्या पिढीची हकिगत. खऱ्या अर्थानं ऐतिहासिक कादंबरी.

सूनबाईंनी मोबाईलवर शोधून लगेच यादी दिली : बोर्श्त, कॅव्हिअर, ब्लिनी, वोडका. वोडका अर्थातच बाद! बोर्श्तपाशी मात्र मी थांबले. बिटाचं हे आंबटसर सूप सर्रास 'रशियन' म्हणून वाढलं जातं. रशिया-पोलंडमध्ये ते घरोघरी होतं हे खरं, पण युक्रेनी माणूस ते आपलं मानतो. २०२२ च्या फेब्रुवारीत रशियानं युक्रेनवर मोठं आक्रमण केलं आणि त्याच जुलैत युनेस्कोनं युक्रेनमधली बोर्श्तची परंपरा तातडीनं जपायच्या वारशांच्या यादीत घातली. युद्धावरच्या कादंबरीबद्दल बोलायचं आणि समोर हे वाडगे 'रशियन' म्हणून मांडायचे, हे मनाला पटेना. यादी बाजूला ठेवली आणि पुस्तकच उघडलं. त्यात जेवणं काय थोडी आहेत!

पहिलं जेवण मॉस्कोतल्या रोस्तोव कुटुंबातलं. मायलेकींच्या नामदिवसाची मेजवानी आहे. काउंट खुशीत येऊन सांगतो, की शिकारीच्या पक्ष्यांचा पदार्थ काय झकास झालाय, तरास आचाऱ्यासाठी मोजलेले हजार रूबल वाया गेले नाहीत. आपण हसत पुढे जातो. मग एकदम ठेच लागते. अहो, हजार रूबल हा पगार नव्हे, ही माणसाची किंमत आहे! रशियातली भूदासपद्धत कायद्यानं संपली १८६१ मध्ये, या कादंबरीचं लेखन सुरू होण्याच्या जेमतेम दोन वर्षं आधी. काउंट दुष्ट असता तर सोपं होतं. तो प्रेमळ आहे, अघळपघळ आहे, आपल्याला आवडतो. तिथेच तर खरी गोम आहे.

दुसरं जेवण 'काकां'च्या घरचं. शिकारीनंतर नताशा तिथे जाते. घर सांभाळणारी अनिस्या फ्योदोरोव्ना लोणच्यातली अळंबी, ताक घालून केलेल्या राय धान्याच्या पोळ्या, पोळ्यातला मध, अक्रोड-बदामासारखी कवचाची फळं असं ताट मांडते. त्यानंतरच नताशा गिटारवर तो सुप्रसिद्ध लोकनाच नाचते.

आणि तिसरं... त्याला जेवण म्हणावं का? गर्भश्रीमंत पिएर फ्रेंचांच्या कैदेत, दिवसभर उपाशी. शेजारचा शेतकरी-शिपाई प्लातोन कारातायेव त्याला भाजलेले बटाटे देतो, चाकूनं अर्धे करून वर मीठ भुरभुरतो. इतकं चविष्ट आपण कधी खाल्लंच नाही, असं पिएरला वाटतं.

ठरलं! लिंबाचा काळा चहा, मध, अक्रोड, राय नाही म्हणून ताकात भिजवलेल्या नाचणीच्या छोट्या भाकऱ्या आणि भाजलेले बटाटे, मीठ. ताटल्या बघून चेहऱ्यांवर "एवढंच?" उमटलं. मग तो प्रसंग वाचून दाखवला. पाऊण तास बोलणं हललं नाही. एका आजींनी १९७२ च्या दुष्काळातली सुकडी आणि लाल मिलो ज्वारी आठवली. चव चांगली होती का, असं विचारल्यावर म्हणाल्या, "भूक चांगली होती."

मग गटातल्या सर्वात लहान मुलीनं विचारलं, "तरासबद्दल पुढे काय येतं?" जवळजवळ काहीच नाही. किंमत कळते, हातची चव कळते, मन कळत नाही. ती म्हणाली, "आपल्याकडे स्वयंपाकाला येणाऱ्या मावशींचं आडनाव किती जणांना माहीत आहे?" बारा जणांत चार हात वर झाले. पगारी नोकरी आणि भूदासपणा एक नव्हे, हे प्राचार्यांनी लगेच बजावलं, आणि ते बरोबरच आहे. पण जेवणाची तारीफ करताना करणाऱ्याला विसरण्याची सवय तीच आहे, हेही तितकंच बरोबर.

कॅव्हिअर मांडलं असतं तर आम्ही कॅव्हिअरवरच बोललो असतो. म्हणून म्हणते, पदार्थ देशाच्या नावावरून निवडू नका, पानांतून निवडा. त्या ताटाशी कोण बसलंय आणि ते कोणी रांधलंय, एवढं बघितलं तरी अर्धी कादंबरी हाती लागते.

तुमच्या आवडत्या कादंबरीतलं कुठलं ताट तुम्ही मांडाल? जरूर कळवा.