कानबाईचा रविवार आणि महाविद्यालयीन सामने

नागपंचमीनंतरच्या रविवारी खानदेशात घरोघरी कानबाईची स्थापना होते. रात्री जागरण, सोमवारी विसर्जन. पोटापाण्यासाठी दूर गेलेली भावकी या दोन दिवसांकरिता एकत्र येते आणि रोटांचा प्रसाद एका पंक्तीत ग्रहण करते.

क्रीडास्पर्धा आखणाऱ्यांनाही रविवारच सोयीचा वाटतो. जळगाव, धुळे व नंदुरबार जिल्ह्यांसाठी १९९० साली विद्यापीठ स्थापन झाले. आज ते बहिणाबाईंचे नाव धारण करते. त्याच्या परिसरातील बास्केटबॉल संघाचा सामना त्या रविवारी आला, तर खेळाडू कन्येने काय करावे? ठरल्या वेळेनंतर १५ मिनिटांत ५ खेळाडू मैदानात उतरू शकले नाहीत, तर नियमाने सामना प्रतिपक्षाला बहाल होतो. एकीच्या कुलधर्माचा भार असा साऱ्या संघावर पडतो.

हा पेच अटळ नाही. नागपंचमी २०२५ साली २९ जुलैला होती. अधिक ज्येष्ठामुळे २०२६ साली ती १७ ऑगस्टला येते. इंग्रजी तारीख सरकते, पण पंचांग ती आधीच सांगते. २०२३ च्या विश्वचषकात भारत-पाकिस्तान सामना नवरात्रारंभामुळे १५ ऐवजी १४ ऑक्टोबरला खेळविला गेला. जे अहमदाबादेस साधले, ते जळगाव-धुळ्यास का साधू नये?

मागणी सवलतीची नसून पूर्वनियोजनाची आहे. सर्वधर्मीय सणांना हाच न्याय लावावा. आणि तारीख टळलीच नाही, तर स्थापनेला नमस्कार करून मैदानावर जाणाऱ्या लेकीला घरानेही आशीर्वादच द्यावा.