नकलेतल्या चुका आणि लोणारचे पाणी

उत्तरपत्रिका तपासण्यात ज्याचे आयुष्य गेले, त्यास एक गोष्ट कोणी शिकवावी लागत नाही. दोन मुलांची उत्तरे बरोबर आली, तर त्यावरून काहीच सिद्ध होत नाही. दोघांनीही अभ्यास केला असेल. परंतु शेजारी बसलेल्या दोघांनी एकच चूक, त्याच ओळीत, त्याच शब्दात केली, म्हणजे साक्षीदाराची गरज उरत नाही. बरोबर उत्तरापेक्षा चुकलेले उत्तर अधिक बोलके असते. हाच न्याय साऱ्या जीवसृष्टीच्या वंशावळीस लागू पडतो, हे मात्र आम्हांस निवृत्तीनंतर, आणि तेही घरच्या लेकीकडून, कळावयाचे होते.

झाले असे. आमच्या धाकट्या बंधूंची कन्या पुण्यास सूक्ष्मजीवशास्त्र शिकते. दिवाळीस ती घरी आली असता आम्ही सारी मंडळी मेहकरहून लोणारास गेलो. दैत्यसूदनाचे दर्शन झाले, लवणासुराची कथा मुलांस सांगून झाली, आणि आम्ही विवराच्या काठावर उभे राहिलो. उल्कापाताने काळ्या खडकात पडलेला सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा तो खळगा आणि तळाशी हिरवेगार, क्षारयुक्त पाणी! शाळेची मुले घेऊन आम्ही येथे कितीदा आलो असू, त्याची गणती नाही. सवयीप्रमाणे आम्ही म्हणालो, "हा हिरवा रंग शेवाळाचा. शेवाळ ही अगदी साधी वनस्पती होय."

"काका, ती वनस्पती नव्हे," पुतणी हळूच म्हणाली. "ते जिवाणू आहेत."

आम्हांस राग आला, हे लपविण्यात अर्थ नाही. मुलांदेखत चूक दाखविली गेली, आणि चूक तरी कसली? जे हिरवे आहे, उन्हावर जगते, ते झाड नव्हे तर काय? घरी परतेपर्यंत आम्ही फारसे बोललो नाही. रात्री जेवणे आटोपल्यावर तीच आमच्याजवळ येऊन बसली आणि म्हणाली, "काका, तुम्ही पोथ्यांचे पाठभेद कसे लावता, ते मला सांगा. मग मी माझे सांगते."

विषय आमच्या आवडीचा निघाला. आम्ही सांगू लागलो. पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९१९ साली महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचे कार्य आरंभिले आणि ते १९६६ साली पूर्णत्वास गेले. १९२५ पासून डॉ. विष्णु सीताराम सुकथनकर त्याचे प्रमुख संपादक होते. देशोदेशींच्या १२५९ हस्तलिखितांचा त्या कामी उपयोग झाला. त्या पोथ्या परस्परांशी ताडून त्यांची कुळे ठरविली गेली. एक उत्तरेची, दुसरे दक्षिणेचे, आणि त्यांच्या पोटी अनेक शाखा. कुळ ठरते ते कागद, शाई वा बांधणी यांवरून नव्हे. 'धन' या शब्दाच्या जागी एखाद्या लेखकाने नजरचुकीने 'घन' लिहिले, की त्याच्या पोथीवरून उतरलेल्या पोथ्यांत तोच 'घन' उतरत जातो. अशा पाच-दहा चुका ज्या पोथ्यांत समान, त्या एका मातेच्या लेकी.

"आमचेही अगदी हेच," ती म्हणाली. प्रत्येक जिवाच्या पेशीत डीएनए नामक पोथी असते. तिची लिपी चार अक्षरांची: ए, टी, जी आणि सी. पिढी बदलते तेव्हा पोथीची नक्कल होते, आणि क्वचित एखादे अक्षर चुकते. चूक घातक नसेल, तर ती पुढील पिढ्यांत टिकते. आता सर्वांस ताडून पाहावयाचे, तर सर्वांकडे असलेला एखादा अध्याय हवा. तसा एक आहे. पेशीत प्रथिने तयार करणारे राइबोसोम नावाचे यंत्र असते. ते जंतूत आहे, वडात आहे, गाईत आहे, आपल्यातही आहे. जिवाणूंत त्याच्या एका भागाचा मजकूर सुमारे १५०० अक्षरांचा असून तो अतिशय सावकाश बदलतो. वंश शोधण्यास याहून सोयीचा अध्याय कोणता?

१९७७ साली अमेरिकेतील इलिनॉय विद्यापीठाच्या कार्ल वोस आणि जॉर्ज फॉक्स यांनी निरनिराळ्या जंतूंचा हा मजकूर ताडून पाहिला, तेव्हा एक नवल उघडकीस आले. जिवाणू म्हणून गणलेल्यांपैकी काही जंतूंचा पाठ इतर जिवाणूंशी जुळेना. दिसावयास तेच, परंतु कुळ निराळे. या तिसऱ्या कुळास आज आर्किया म्हणतात. पुढील संशोधनात तर असे दिसले, की पेशीच्या मूळ यंत्रणेत हे आर्किया जिवाणूंपेक्षा आपणां प्राण्यांस व झाडांस अधिक जवळचे आहेत. जुळ्यासारखे दिसणारे परके निघाले, आणि परके वाटणारे भाऊबंद!

या भाऊबंदांस आपल्या जिल्ह्याने एकदा उघड्या डोळ्यांनी पाहिले आहे. जून २०२० मध्ये लोणारचे पाणी एकाएकी गुलाबी झाले. कोणी शकुन म्हटले, कोणी अपशकुन. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानेही त्याची दखल घेतली. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने नमुने तपासून सांगितले, की हा रंग हॅलोआर्किया या क्षारप्रिय जंतूंचा. पाणी आटले, क्षार वाढला आणि त्यांचे फावले. त्यांचे रंगद्रव्य गाजराच्या रंगाच्याच जातकुळीचे असते. या मंडळींतील एका प्रसिद्ध वंशाचे नाव अद्यापि हॅलोबॅक्टेरियम असेच आहे. कुळ बदलले तरी जुने आडनाव सुटलेले नाही. लोणारच्या पाण्यात आणखीही नवे जीव सापडले आहेत. हैदराबादच्या सीसीएमबी या संस्थेच्या शास्त्रज्ञांनी येथील एक जिवाणू हाच अध्याय वाचून नवा ठरविला आणि २०१२ साली त्याचे नाव ठेविले सेसेंबिया लोणारेन्सिस. संस्थेचे नाव पुढे, आपल्या गावाचे मागे!

येथे आम्हांस शंका आली. एखादा लेखक दोन पोथ्या पुढ्यात ठेवून नक्कल करतो. मग पाठांचा संकर होतो आणि वंशावळ गढूळ होते. जंतूंत तसे होते काय? पुतणी हसून म्हणाली, "होते, काका. आणि फार होते." जंतू परक्यांकडूनही मजकूर उचलतात, हॅलोआर्कियांनी तर जिवाणूंकडून बराच उचलला आहे. म्हणून एकाच अध्यायावर विसंबत नाहीत. अनेक अध्याय, शक्य तेथे सबंध पोथी ताडून पाहतात. सुकथनकरांनाही हीच अडचण छळीत होती, हे आठवून आम्हांस समाधान वाटले. शास्त्रे निराळी, संकट एक.

तर मग आमचे शेवाळ? तो हिरवा जीव सायनोबॅक्टेरिया या कुळातील जिवाणूच होय, आणि आम्ही वर्षानुवर्षे मुलांस चुकीचे शिकविले. परंतु गोष्ट येथेच संपत नाही. अंगणातील तुळशीच्या पानात हरितद्रव्याचे जे सूक्ष्म कण असतात, त्यांत त्यांची स्वतःची छोटी पोथी असते. तिचा पाठ तुळशीच्या मूळ पोथीशी नव्हे, तर या हिरव्या जिवाणूंशी जुळतो! अब्जाहून अधिक वर्षांपूर्वी असा एक जिवाणू दुसऱ्या पेशीत राहावयास आला आणि घरचाच झाला. म्हणजे लोणारचे पाणी वनस्पतीमुळे हिरवे नाही. वनस्पतीच त्या पाण्यातील जिवाच्या भाऊबंदामुळे हिरवी आहे. आम्ही नाते सांगितले ते उलटे सांगितले.

आमच्या पूर्वजांनी जरायुज, अंडज, स्वेदज, उद्भिज्ज असे चार भाग केले; लिनिअसने १७३५ साली जिवांचे प्राणी आणि वनस्पती असे दोन. दोघांनीही डोळ्यांस दिसले ते प्रामाणिकपणे मांडले. त्यांस सारे ठाऊक होते असे म्हणणे जितके खोटे, तितकेच त्यांस हसणेही अनुचित.

एक चिंता मात्र मनातून जात नाही. पोथीस वाळवी लागली तर ती वाचण्यापूर्वीच नाहीशी होते. लोणार सरोवर नोव्हेंबर २०२० मध्ये रामसर यादीत आले खरे. परंतु गावचे सांडपाणी त्यात उतरते ही तक्रार जुनी आहे. त्या पाण्याचा क्षार गेला, तर क्षारावर जगणारी ही कुळे जातील, आणि काही तर कोणी वाचण्याआधीच. मंदिराच्या शिळा पुन्हा उभारता येतात. बुडालेला वंश उभारता येत नाही. यास्तव लोणारास जाल, तेव्हा देवदर्शनाबरोबर पाण्याचीही मर्यादा राखा, मुलांसही राखावयास शिकवा.

आमच्या जुन्या विद्यार्थ्यांपैकी कोणी हे वाचीत असेल, तर त्याने वहीतील ते वाक्य खोडून टाकावे. गुरुजींचे उत्तर चुकले होते. त्याची नक्कल पुढील पिढीत उतरू देऊ नये.